एक अभंग, एक आठवडा : संतांच्या शब्दांपाशी थांबायला शिकताना

सकाळी फोन उघडला की चार-पाच सुविचार येऊन पडलेले असतात. उगवता सूर्य, कमळ, जोडलेले हात आणि खाली एखादी ओळ. बरेचदा शेवटी ‘तुका म्हणे’ लावलेलं. ओळ बहुधा चांगलीच असते. आपण ती वाचतो, अंगठा देतो, दुसऱ्या ग्रुपवर पाठवतो आणि डबा भरायला उठतो. दुपारी कुणी विचारलं तर ती आठवत नाही, कारण तिला आपण अर्धं मिनिटही दिलेलं नसतं.

या शब्दांत काहीतरी आहे असं ज्यांना वाटतं, पण ते हाती लागत नाही, त्यांच्यासाठी हा लेख आहे. तुम्ही कधी वारीला गेला नसाल, जुनी मराठी अडखळत वाचत असाल, देव मानता की नाही हेही अजून ठरलं नसेल, तरी काही बिघडत नाही. माझं सांगणं एवढंच आहे की ओळी गोळा करू नका. एक अभंग घ्या, अख्खा घ्या, आणि आठवडाभर त्याच्याशी बोला. पटलं नाही तर भांडा.

ही पद्धत मी काढलेली नाही. ‘वृक्ष वल्ली आम्हां सोयरीं वनचरें’ ही तुकोबांची ओळ आपण वृक्षारोपणाच्या फलकांवर नेहमी वाचतो. त्या अभंगाचा शेवट फलकावर कधी येत नाही. तो असा आहे : ‘तुका म्हणे होय मनासी संवाद । आपुला चि वाद आपणांसी.’ देहूजवळच्या भंडाऱ्याच्या डोंगरावर तुकोबा एकांतात बसत. त्या एकांतात झाडं होती, पाखरं होती, आणि शेवटी जे उरलं ते स्वतःशी बोलणं आणि स्वतःशीच वाद घालणं. आपल्याला करायचं आहे ते इतकंच.

कोणतं पुस्तक घ्यायचं

बरेच जण उत्साहाने थेट ज्ञानेश्वरी उघडतात आणि पहिल्या अध्यायातच थकतात. १२९० साली नेवाशाला सांगितलेला हा ग्रंथ सुमारे ९,००० ओव्यांचा आहे. त्याची मराठी ७०० वर्षांहून जुनी आहे. तिच्याकडे जायचंच आहे, पण नंतर.

सुरुवातीला तीन वाटा सोप्या पडतात. भाषेची भीती वाटत असेल तर समर्थ रामदासांचे मनाचे श्लोक घ्या. ते २०५ आहेत, प्रत्येक चार ओळींचा, आणि बहुतेक श्लोक ‘मना’ अशी हाक मारून स्वतःच्याच मनाशी बोलतात. अनेकांना लहानपणी पाठ केल्यामुळे चालही आठवत असते. दुसरी वाट तुकोबांच्या गाथेची. तिच्यात साडेचार हजारांच्या वर अभंग आहेत, त्यामुळे ती पहिल्या पानापासून वाचायची नसते, चाळायची असते. देवाधर्माच्या भाषेपासून थोडं लांब राहायचं असेल तर तिसरी वाट बहिणाबाई चौधरींची. जळगावजवळच्या आसोद्यात जन्मलेल्या बहिणाबाईंना (१८८०–१९५१) लिहिता-वाचता येत नव्हतं. जात्यावर, शेतात, कामाच्या ओघात त्यांनी रचलेली गाणी त्यांच्या मुलाने, कवी सोपानदेवांनी, आणि नात्यातल्या एका माणसाने उतरवून ठेवली. बहिणाबाई गेल्यानंतरच्या वर्षी, १९५२ साली, ती पुस्तकरूपाने आली. बोली खानदेशी आहे, पण दोन-तीन कविता मोठ्याने वाचल्या की कान सरावतो.

पुस्तक घेताना नावात ‘सार्थ’ आहे का ते बघा. म्हणजे मूळ रचनेखाली आजच्या मराठीत अर्थ दिलेला असतो. पुण्यात अप्पा बळवंत चौकात, तसंच आळंदी, देहू, पंढरपूरच्या देवळांभोवतीच्या दुकानांत अशा प्रती सहज मिळतात. अर्थ मात्र लगेच वाचू नका. आधी मूळ रचना दोनदा वाचायची, मग स्वतःला काय कळलं ते मनात म्हणायचं, आणि त्यानंतर खाली बघायचं. छापील अर्थ आधी वाचला की आपली नजर त्याच्याच मागून चालत राहते.

अख्खा अभंग वाचायचा, तो का

याचं सर्वांत चांगलं उदाहरण शाळेच्या भिंतीवर आहे. ‘असाध्य तें साध्य करितां सायास । कारण अभ्यास तुका म्हणे.’ ही ओळ वाचून आपल्या डोळ्यांसमोर वही, कंपास आणि दहावीचा निकाल येतो. आता तिच्या आधीच्या ओळी बघा :

साधुनी बचनाग खाती तोळा तोळा ।
आणिकांतें डोळां न पाहवे ॥
साधुनी भुजंग धरितील हातीं ।
आणिकें कांपती देखोनियां ॥

बचनाग म्हणजे जहाल विष. सराव केलेली माणसं ते तोळ्यातोळ्याने खातात. इतरांना ते नुसतं बघवतही नाही. सराव केलेली माणसं साप हातात धरतात. बाकीचे बघूनच कापतात. आणि मग येतं, ‘असाध्य तें साध्य’. म्हणजे इथला अभ्यास परीक्षेपुरता नाही. शरीराला विष पचवायला लावण्याइतकी ताकद असलेली ती सवय आहे.

हे कळल्यावर ओळ दोन्ही बाजूंनी धार लावून समोर येते. मी कशाचा सराव केला तर आज अशक्य वाटणारं काम जमेल, हा एक प्रश्न. दुसरा मला जास्त टोचतो : मी कुठलं विष रोज तोळाभर खाऊन अंगवळणी पाडून घेतलं आहे? अपुरी झोप, घरातला कुणाचा तरी कायमचा तुसडा आवाज, स्वतःबद्दलचं एखादं हलकं मत. तुकोबांना हा दुसरा अर्थ अभिप्रेत होता असा माझा दावा नाही. पण तो मला सुचला तो आधीच्या ओळी वाचल्यामुळेच. भिंतीवरच्या एका ओळीने तो कधी सुचला नसता.

म्हणून फोनवर आलेली ओळ आवडली तर पहिलं काम हे करा : ती देवनागरीत टाइप करून शोधा आणि पूर्ण अभंग मिळवा. छापील गाथेत मागे पहिल्या चरणांची अकारविल्हे सूची असते. निरनिराळ्या प्रतींत अभंगांचे क्रमांक वेगळे असतात, त्यामुळे क्रमांकापेक्षा पहिल्या चरणावरून शोधलेलं बरं. पूर्ण अभंग कुठेच सापडला नाही तर ती ओळ तुकोबांची नसण्याची शक्यता बरीच आहे. आवडली असेल तर ठेवा, पण पुढे पाठवताना त्यांचं नाव लावू नका.

वाचताना दोन-तीन गोष्टी ठाऊक असल्या की अडखळणं कमी होतं. शेवटच्या कडव्यात रचणाऱ्याची नाममुद्रा असते : ‘तुका म्हणे’, ‘नामा म्हणे’, ‘चोखा म्हणे’, ‘एका जनार्दनीं’. सगळं बोलणं बहुधा त्या कडव्यात येऊन ठरतं, म्हणून तिथे थांबा. जुन्या छपाईत ‘करूं’, ‘नाहीं’, ‘कांहीं’ असे अनुस्वार दिसतात. ते सगळे नाकातून उच्चारायचे नसतात. ‘शब्दें’, ‘अभ्यासें’ म्हणजे शब्दाने, अभ्यासाने. ‘आन’ म्हणजे दुसरं, ‘मात’ म्हणजे गोष्ट. सुरुवातीला एवढी शिदोरी पुरते.

वही

फोनमधली नोंद चालणार नाही, असं मी आग्रहाने सांगेन. साधी दोनशे पानी वही घ्या. डाव्या पानावर अभंग हाताने उतरवून काढा, अनुस्वारांसकट. उतरवताना हात आपोआप मंद होतो, आणि वाचताना डोळा ज्यावरून घसरला होता तो शब्द हाताखाली येतो. आपल्याकडे हे साहित्य टिकलं तेही अशा वह्यांमुळे. तुकोबांचे अभंग उतरवून घेणाऱ्यांमध्ये संताजी जगनाडे यांचं नाव आजही आदराने घेतात.

उजवं पान तुमचं. तिथे छान लिहायचं नाही. त्या दिवशी अभंगातल्या कुठल्या शब्दापाशी अडकलात आणि त्यावरून स्वतःच्या आयुष्यातलं काय आठवलं, एवढंच, दोन-चार वाक्यांत. ‘आज काहीच वाटलं नाही’ हेही लिहा. वही कुणाला दाखवायची नाही, हे आधीच ठरवून टाका. दाखवायची ठरली की लेखणी सजायला लागते.

वेळ पंधरा मिनिटं पुरते. तीही रोज त्याच वेळी मिळाली तर उत्तम, पण पहाटे उठून आसन घालायची अट नाही. मुंबईच्या लोकलमध्ये वर्षानुवर्षं भजनी मंडळं टाळ वाजवत प्रवास करत आली आहेत. त्याच गर्दीत कोपऱ्यातल्या सीटवर कुणी अभंग मनात घोळवत बसू शकतं. शांत जागा मिळाली तर घ्या. नाही मिळाली म्हणून आठवडा वाया घालवू नका.

एकदा तरी मोठ्याने म्हणा. अभंग कानासाठी रचलेला आहे. गायलेला अभंग ऐकायलाही हरकत नाही, फक्त तो आठवड्याच्या शेवटी ऐका. आधी ऐकला की सूर इतका मोहवतो की शब्द मागे पडतात.

प्रश्न कसे विचारायचे

खरं काम इथे आहे, आणि नवख्या माणसाला सर्वांत जास्त अडचणही इथेच येते. ‘या अभंगाचा अर्थ काय’ असा शाळेतला प्रश्न मनात आला की आपण परीक्षेचं उत्तर लिहायला लागतो. त्याऐवजी एक शब्द धरायचा आणि तो आपल्या या आठवड्यावर ठेवून बघायचा.

‘रात्रीं दिवस आम्हां युद्धाचा प्रसंग । अंतर्बाह्य जग आणि मन.’ समजा, हा अभंग घेतला. तुकोबा इथे लढाईच्या दोन आघाड्या सांगतात : बाहेर जग, आत मन. वहीच्या उजव्या पानावर उभी रेघ मारा. एका बाजूला जग, दुसऱ्या बाजूला मन. आठवड्यात ज्या-ज्या गोष्टीने त्रास दिला ती कुठल्या बाजूची ते लिहा. ऑफिसात साहेब सर्वांसमोर बोलले, ते दहा मिनिटांत संपलं. ते जगाच्या बाजूला. मग रात्री अंथरुणावर पडल्यावर तोच प्रसंग तुम्ही पुन्हा घडवला, या वेळी साहेबांना चोख उत्तरं देत, आणि त्यात दोन तास गेले. ते दोन तास कुठल्या बाजूला लिहायचे? लिहिताना हात जिथे थबकतो तिथे स्वतःबद्दल काहीतरी नवं कळायला लागतं. काही जणांच्या लक्षात येईल की त्यांची लढाई जवळजवळ सगळी आतली आहे. काहींच्या बाबतीत उलटंही निघेल : बाहेर खरोखरच अन्याय आहे, आणि इतकी वर्षं ते त्याला ‘माझंच मन कमकुवत’ असं म्हणत आले. दुसरा शोध पहिल्याइतकाच मोलाचा आहे.

मग शेवटचं कडवं : ‘तुका म्हणे तुझ्या नामाचिया बळें । अवघियांचें काळें केलें तोंड.’ भाषा बघा किती कडक आहे. संतवाणी म्हणजे मऊ, गुळगुळीत बोलणं ही समजूत इथे गळून पडते. ज्यांची नामावर श्रद्धा आहे त्यांना उत्तर मिळालं. ज्यांची नाही त्यांनी कडवं सोडून देऊ नये. स्वतःला विचारावं की मी कशाच्या बळावर उभा आहे. एखादं माणूस, एखादं काम, दिलेला शब्द, गाणं, मूल. उत्तर यायला तीन-चार दिवस लागतील. आलं नाही तर तेही लिहून ठेवा.

बोलणारा कोण आहे ते बघा

रचणाऱ्याबद्दल दोन वाक्यं माहीत असली तरी शब्दांचं वजन बदलतं. ‘ऊस डोंगा परी रस नोहे डोंगा । काय भुललासी वरलिया रंगा’ हा अभंग शुभेच्छापत्रावर छापला तर ‘रूपाला भुलू नका’ एवढाच उपदेश उरतो. डोंगा म्हणजे वाकडा. पण तो चोखोबांचा आहे. चौदाव्या शतकातल्या मंगळवेढ्याचे चोखोबा. जातीमुळे ज्यांना पंढरपूरच्या देवळात पाऊल ठेवता आलं नाही आणि ज्यांची समाधी आजही महाद्वारासमोर, नामदेव पायरीपाशी आहे. अभंग शेवटी स्वतःवर येतो : ‘चोखा डोंगा परी भाव नोहे डोंगा.’ दाराबाहेर उभं राहून माणूस हे म्हणतो आहे. तेव्हा माझ्यासारख्या वाचणाऱ्यासाठी पहिला प्रश्न हा, की या दाराच्या कुठल्या बाजूला मी उभा आहे. मी कुणाला बाहेर ठेवलं आहे? की मीच बाहेर आहे आणि आतल्यांचं मत खरं मानून बसलो आहे?

मुक्ताईंचे ताटीचे अभंगही असेच वाचावेत. लोकांच्या बोलण्याने दुखावलेले ज्ञानदेव झोपडीची ताटी लावून आत बसले आणि धाकटी बहीण दाराशी उभी राहून त्यांना विनवू लागली, अशी परंपरेने सांगितलेली कथा आहे. ‘विश्व रागें झालें वन्ही । संतीं सुखें व्हावें पाणी’ (वन्ही म्हणजे आग) असं ती सांगते, आणि पुन्हा पुन्हा म्हणते, ‘ताटी उघडा ज्ञानेश्वरा.’ आठवड्याचे पहिले तीन दिवस हे अभंग आत बसलेल्याच्या जागेवरून वाचा : मी कुणावर रुसून दार लावून घेतलं आहे? उरलेले दिवस बाहेर उभं राहून वाचा : कुणाच्या दाराशी जाऊन हाक मारायचं मी टाळतो आहे? एकच अभंग, पण उत्तरं पार वेगळी येतात.

न पटलेलं

‘जगीं सर्व सूखी असा कोण आहे । विचारें मना तूंचि शोधूनि पाहे.’ मनाच्या श्लोकातला हा प्रश्न ऐकून मन हलकं होतं. पुढच्या दोन ओळी सांगतात की तूच पूर्वी जे साठवलंस, त्याचंच हे भोगणं आहे. मला हे स्वतःच्या चुकांबद्दल पटतं. आजारी लेकरू मांडीवर घेऊन बसलेल्या आईबद्दल अजिबात पटत नाही. मी वहीत तसं लिहिलं आहे. समर्थांबद्दल आदर बाळगूनही त्यांच्याशी असहमत होता येतं, आणि त्या असहमतीतून आपण नेमकं काय मानतो ते आपल्याला कळतं. न पटणारा अभंग म्हणून टाळू नका. ज्या ओळीने राग येतो ती बहुधा एखाद्या दुखऱ्या जागेवर पडलेली असते.

मन लागत नाही अशी तक्रार दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी सुरू होते. तेव्हा बहिणाबाईंना जवळ करा : ‘मन वढाय वढाय, उभ्या पिकातलं ढोर । किती हाकला हाकला, फिरी येतं पिकावर.’ शेतात उभं राहून पाहिलेलं आहे हे. ढोराला हाकलायचं, ते परत येणार, परत हाकलायचं. त्यात ढोरावर चिडण्यासारखं काही नाही. मन भाजीच्या यादीकडे गेलं, बिलाकडे गेलं, की अभंगाचा पहिला शब्द पुन्हा म्हणायचा. पंधरा मिनिटांत वीस वेळा म्हणावा लागला तरी ती बैठक झाली असंच धरा.

जपून

दुःखाच्या काळात हे शब्द फार उपयोगी पडतात, आणि फार जखमही करतात. ‘बरें जालें देवा निघालें दिवाळें । बरी या दुष्काळें पीडा केली’ असं तुकोबा म्हणू शकले, कारण १६३० च्या सुमाराच्या दुष्काळात त्यांचा व्यापार बुडाला, पत्नी गेली, मुलगा गेला. ते स्वतःबद्दल बोलत होते. नुकतंच कुणी गमावलेल्या शेजाऱ्याला ही ओळ पाठवायचा आपल्याला अधिकार नाही. त्याच्याकडे डबा घेऊन जा, शेजारी बसा. घरात मारहाण सोसणाऱ्या बाईला ‘संतीं सुखें व्हावें पाणी’ ऐकवणं तर क्रूरपणा आहे. तिला मदत हवी, अभंग नंतर. आणि स्वतःच्याच मनावर आठवडेच्या आठवडे मळभ असेल, झोप उडाली असेल, जगणं नको वाटत असेल, तर वही बाजूला ठेवून डॉक्टरकडे जा. उपचार सुरू असताना वही पुन्हा उघडता येते.

पुढे

आठवडा संपला की अभंग बदला, मग तो ‘झाला’ असं वाटो वा न वाटो. एखादा सोडवतच नसेल तर अजून आठ दिवस ठेवा, त्याहून जास्त नको. पुढचा निवडताना मुद्दाम वेगळा आवाज घ्या : तुकोबांनंतर जनाबाई, जनाबाईंनंतर रामदास. घरात कुणाला रस असेल तर दोघांनी एकच अभंग घ्यावा आणि रविवारी चहा घेताना कोणता शब्द अडला एवढंच एकमेकांना सांगावं. कुणाचं बरोबर हे ठरवू नये. परदेशात वाढणाऱ्या मुलांना सोबत घ्यायचं असेल तर ‘लहानपण देगा देवा । मुंगी साखरेचा रवा’ यासारखा डोळ्यांसमोर चित्र उभं करणारा अभंग निवडा आणि अर्थ सांगण्याआधी त्यांना त्या मुंगीचं चित्र काढू द्या.

तीन-चार महिन्यांनी वहीची उजवी पानं सलग वाचा. एकच माणूस, एकच भीती, एकच शब्द वेगवेगळ्या अभंगांखाली परत परत आलेला दिसेल. त्याखाली पेन्सिलीने रेघ मारा आणि पुढचे अभंग त्या धाग्याने शोधा. तोवर जुनी मराठी बरीच ओळखीची झालेली असेल. मग सार्थ ज्ञानेश्वरी उघडा, पण बाराव्या अध्यायापासून : तो भक्तीवरचा आहे, आणि अडीचशेच्या आतच ओव्या आहेत. रोज पाच ओव्या घेतल्या तर दोन महिन्यांच्या आत पूर्ण होतो.